'रामशास्त्री' चित्रपटातील विद्यार्थी : एक चिकित्सा

प्रभात फिल्म कंपनीचा 'रामशास्त्री' (१९४४) हा पेशवाईतील निःस्पृह न्यायाधीशाचा चित्रपट म्हणून मराठी रसिकांच्या स्मरणात आहे. राघोबादादांना देहान्त प्रायश्चित्त सुनावणारा शास्त्री इतका प्रभावी ठरला की, पूर्वार्धातील विद्यार्थी राम काहीसा झाकोळला गेला. वस्तुतः चित्रपटाचा नैतिक पाया या पूर्वार्धातच घातला गेला आहे.

राजा नेने, विश्राम बेडेकर आणि गजानन जागीरदार अशी तीन दिग्दर्शकांची नावे या कृतीशी निगडित आहेत. त्यांपैकी बेडेकर (जन्म १९०६) व जागीरदार (जन्म १९०७) हे दोघेही जन्माने अमरावतीचे. हा योगायोग वऱ्हाडाने विसरू नये असाच आहे.

विद्याहीन म्हणून हिणवला गेलेला राम (अनंत मराठे) बालवधू जानकीला मागे ठेवून काशीची वाट धरतो. येथे विद्येची ओढ जिज्ञासेतून नव्हे, अपमानातून जन्मते. डॅनिश दिग्दर्शक कार्ल ड्रेयर याच्या १९२० मधील 'पाद्र्याची विधवा' या मूकपटात धर्मशास्त्र शिकलेल्या तरुणाला धर्मोपदेशकाची जागा मिळविण्यासाठी आधीच्या पाद्र्याच्या वृद्ध विधवेशी विवाह करावा लागतो. तेथे विद्या पोटापाण्याशी बांधलेली आहे, म्हणूनच ती विनोदाचा विषय होऊ शकते. प्रभातला असा विनोद परवडणारा नव्हता. रामाची विद्या निष्कलंक राहणे आवश्यक होते. पुढे तिच्याच बळावर सत्तेला जाब विचारायचा होता.

मात्र प्रत्यक्ष अध्ययनाला कथानकात गौण स्थान मिळते. बालनटाची भूमिका संपते आणि जागीरदारांचा प्रौढ शास्त्री समोर उभा राहतो. मधली वर्षे, त्यांतील पाठांतर, शास्त्रचर्चा, गुरुगृहीची शिस्त, प्रेक्षकाने बहुतांशी गृहीत धरावयाची असतात. शास्त्र्याचा करारीपणा त्यामुळे घडलेला न वाटता उपजत वाटतो. चरित्रपटाची ही नेहमीचीच उणीव. पण न्यायबुद्धी हाच ज्याचा विषय, त्या चित्रपटात ती अधिक जाणवते.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. ही पाठशाळा कोणासाठी खुली होती? जानकीसाठी नव्हती, ब्राह्मणेतर मुलांसाठीही नव्हती. विद्यार्थी रामाच्या कथेत हा प्रश्न केंद्रस्थानी येत नाही. पेशवेकालीन वास्तवाशी ते सुसंगत आहे, हे मान्य. परंतु चित्रपट १९४४ च्या प्रेक्षकासाठी निर्माण झाला होता, त्यामुळे ही सबब अपुरी ठरते. त्याआधीच, या दोन दिग्दर्शकांच्या जन्मगावी, डॉ. पंजाबराव देशमुखांच्या श्रद्धानंद छात्रालयात निरनिराळ्या जातींची मुले एका पंगतीत जेवून शिकू लागली होती.