किमयागाराची गुहा आणि परभणीचे पेव

मुलांच्या अद्भुतकथांमध्ये एक गुहा वारंवार भेटते. जमिनीखाली खोल जागा, भिंतींवर चमकणारे स्फटिक, मधोमध बुडबुडणारे रांजण आणि त्यांत काहीतरी आंबवून सोने किंवा अमृत तयार करणारा म्हातारा किमयागार. विज्ञानाच्या शिक्षकाने अशी कथा ‘खोटी’ म्हणून बाजूला सारावी, असे आम्हाला वाटत नाही. कल्पित तर ती असणारच. विचारायचे ते एवढेच, की लेखकाने निसर्गाच्या कोणत्या नियमातून सूट घेतली आणि ती जाणूनबुजून घेतली की नकळत?

ज्यूल व्हर्नची पृथ्वीच्या पोटातील प्रवासाची कादंबरी (१८६४) अशाच एका किमयागाराच्या गूढ लिपीतील चिठ्ठीपासून सुरू होते. खोल गेल्यावर तापमान वाढते, ही अडचण मात्र त्यातला पुतण्याच काकांपुढे मांडतो. काकांचे उत्तर आज टिकत नाही. पण कोणता नियम बाजूला ठेवला आहे, हे वाचकाला कळते. गुहेच्या कथांमध्ये नेमका हा प्रामाणिकपणा बहुधा नसतो.

आधी आंबवण्याकडे पाहू. किमया आणि आंबवणे यांचा संबंध लेखकांच्या डोक्यातून आलेला नाही. युरोपातील किमयागार समजत, की दुधाला जसे विरजण, तसे हलक्या धातूला थोडे सोने लावले की सारे सोने होईल. आपल्याकडच्या रसशास्त्रात पाऱ्याच्या अठरा संस्कारांपैकी पहिल्यात, म्हणजे स्वेदनात, आंबलेली कांजी वापरत. आसवे-अरिष्टे करताना धायटीची फुले घालून घडा जमिनीत किंवा धान्याच्या राशीत पुरून ठेवत. यातला पुरण्याचा भाग शहाणपणाचा आहे. तिथे तापमान फारसे चढत-उतरत नाही. सोन्याचा भाग मात्र फसतो. आंबण्याचे काम सूक्ष्मजीव करतात, हे पाश्चरने १८५७ पासूनच्या प्रयोगांनी दाखवले. त्यांची पोच रेणूंपर्यंतच असते. साखरेचा रेणू ते मोडतील, पण पाऱ्याचे सोने करायचे तर अणूचे केंद्रकच बदलावे लागेल.

आता स्फटिक. परभणी जिल्हा काळ्या बेसाल्टवर वसला आहे. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हारसात वायूचे बुडबुडे अडकले, त्यांच्या पोकळ्या राहिल्या आणि पुढे त्यांत झिरपलेल्या पाण्यातून गारगोटी, कॅल्साइट, झिओलाइट यांचे स्फटिक जमले. विहिरीच्या खोदकामात निघालेला असा एखादा दगड वर्गात जरूर आणावा. पण या पोकळ्या साधारणतः मुठीएवढ्या, फार तर घागरीएवढ्या. त्यांत किमयागार राहणार कसा? माणूस मावेल अशी स्फटिकगुहा मेक्सिकोत नायका येथील खाणीत सुमारे ३०० मीटर खोलीवर २००० साली सापडली. तिच्यातले जिप्समचे स्फटिक ११ मीटरपर्यंत लांब होते. परंतु हवा ४५ अंश सेल्सिअसहून गरम आणि बाष्पाने भरलेली असल्याने खास पोशाखाशिवाय माणसाला तिथे काही मिनिटेच थांबता येई. यीस्टलाही ती उष्णता मानवत नाही. शिवाय ते स्फटिक गरम पाण्यात बुडूनच वाढले होते. खाणीचा उपसा थांबल्यावर गुहा पुन्हा पाण्याखाली गेली.

सर्वांत मोठी चूक मात्र वायूची आहे. १८० ग्रॅम ग्लुकोज पूर्ण आंबले की ८८ ग्रॅम कार्बन डायऑक्साइड तयार होतो. या हिशेबाने १८ किलोपासून सुमारे ५ घनमीटर वायू निघेल. पाच मीटर लांब, चार मीटर रुंद आणि अडीच मीटर उंच अशा बंद गुहेत तो सुमारे दहा टक्के होतो. एवढ्या प्रमाणात माणूस काही मिनिटांत शुद्ध हरपतो. हा वायू हवेच्या सुमारे दीडपट जड असल्याने तळाशी साचतो. म्हणजे कथेतला किमयागार सोने होण्याआधीच कोसळायला हवा!

याचा पडताळा आपल्याच भागात आहे. ‘पेव फुटणे’ हा वाक्प्रचार मुलांना ठाऊक असतो, पेव मात्र पाहिलेले नसते. मराठवाड्यात ज्वारी साठवण्यासाठी जमिनीत पेव खणत, आतून कडबा-भुसा लावत आणि तोंड बंद करत. धान्याच्या, किडींच्या व बुरशीच्या श्वसनाने आतला ऑक्सिजन संपत जाई आणि कार्बन डायऑक्साइड वाढे. किडी मरत, धान्य टिके; पण पेव उघडताच आत उतरणारा माणूसही दगावू शके. म्हणून जाणती माणसे पेव आधी उघडे ठेवत आणि दिवा सोडून पाहत.

पेवे मागे पडली, तरी जुन्या विहिरी, गोबरगॅसच्या टाक्या आणि मैल्याच्या टाक्या आहेतच. दिवा विझला तर धोका नक्की. पण तो तेवत राहिला म्हणून धोका नाही, असे म्हणता येत नाही. हायड्रोजन सल्फाइडची सूचना दिवा देत नाही, आणि गोबरगॅसपाशी तर ज्योत नेणेच घातक. आत कोणी बेशुद्ध पडला तर मागोमाग उतरणाराही बळी पडतो. अग्निशमन दलाला बोलवावे. श्वसनाचे उपकरण घातल्याशिवाय कोणीही आत उतरू नये.

वर्गात गुळाच्या कोमट पाण्यात यीस्ट घालून निघणारा वायू नळीने चुन्याच्या निवळीत सोडावा. निवळी पांढुरकी होईल. मग मुलांना ती गुहेची कथा पुन्हा लिहायला सांगावी. अट एकच: किमयागाराच्या गुहेत मोकळी हवा कुठून येते, हे लिहिलेच पाहिजे. या एका वाक्याने कथेतली गंमत कमी होणार नाही. उलट ते लिहिणारा मुलगा किंवा मुलगी उद्या एखाद्या विहिरीच्या काठावर दुसऱ्याचा हात धरून त्याला थांबवील.