वेडाचा इतिहास आणि गेल गावचे घर

मिशेल फुको या फ्रेंच तत्त्वचिंतकाचा वेडाच्या इतिहासावरील प्रबंध १९६१ साली पॅरिसमध्ये प्रसिद्ध झाला. ग्रंथकर्ता श्रद्धावंत नव्हे. तरीही भ्रमिष्ट माणसाचे आप्त ज्यांच्या दारी पुष्कळदा प्रथम येतात, त्या आपण धर्मगुरूंनी व धर्मशिक्षकांनी तो वाचावा, असे मला वाटते.

मध्ययुग सरता सरता युरोपातील कुष्ठाश्रम ओस पडले आणि समाजाबाहेरची ती रिकामी जागा कालांतराने वेड्यांच्या वाट्याला आली, हे फुकोचे प्रतिपादन. १६५६ च्या राजाज्ञेने पॅरिसमध्ये ‘ओपिताल जनराल’ स्थापन झाले. नाव इस्पितळाचे, पण हेतू उपचाराचा नव्हता. भिकारी, बेकार, दुराचारी व वेडे एकाच कुंपणाआड कोंडले गेले. काही वर्षांतच त्यांची संख्या सहा हजारांच्या घरात गेली. दारिद्र्य अपराध ठरले तेव्हा वेडही अपराधाच्या पंक्तीला बसले, ही मांडणी मर्मग्राही आहे. मात्र ती साऱ्या युरोपला लागू पडत नाही. इंग्लंडमध्ये वेड्यांना मोठ्या प्रमाणावर कोंडणे एकोणिसाव्या शतकातले, हे रॉय पोर्टर या इतिहासकाराने दाखवून दिले आहे.

यॉर्क येथे विल्यम ट्यूक व त्यांच्या क्वेकर बांधवांनी १७९६ साली उघडलेल्या ‘रिट्रीट’विषयी फुको अधिकच कठोर होतो. साखळदंडाची जागा तेथे अपराधभावनेने व सततच्या नजरेने घेतली, असा त्याचा आक्षेप. धर्माच्या भाषेनेही माणूस बांधता येतो, हे आपण तरी नाकारू नये. परंतु जुन्या इस्पितळात १७९० साली एक क्वेकर स्त्री दगावली, तिच्या भेटीस आलेल्यांना आत सोडले गेले नव्हते, आणि त्या दुःखातून हा आश्रम उभा राहिला, हे विसरून केलेला न्याय अपुराच म्हणावा लागेल.

बेल्जियममधील गेल या गावापाशीही फुको फारसा रेंगाळत नाही. संत डिम्फ्नाच्या तीर्थस्थानी आलेल्या मनोरुग्णांना ग्रामस्थ आपल्या घरांत ठेवून घेत. ही रीत शतकानुशतके चालली. १९३० च्या दशकाच्या अखेरीस तेथे साडेतीन हजारांहून अधिक रुग्ण कुटुंबांत राहत होते, घरच्यांसोबत जेवत, शेतात राबत. कोंडण्याच्या इतिहासात या गावाला नुसत्या उल्लेखापेक्षा मोठी जागा हवी होती.

मार्ककृत शुभवर्तमानाच्या पाचव्या अध्यायातील भूतग्रस्तावर प्रवचन करताना आपण बहुधा डुकरांच्या कळपापाशीच अडकतो. लोकांनी त्याला साखळ्यांनी बांधून पाहिले होते, आणि बरा झाल्यावर प्रभूने त्याला सोबत न घेता स्वगृही, त्याच्या माणसांत पाठविले, इकडे आपले लक्ष जात नाही.

हे मी दुसऱ्यांना सांगत नाही. काही वर्षांपूर्वी एक आई मुलाला घेऊन माझ्याकडे आली. मुलाला आवाज ऐकू येत होते. मी नऊ दिवसांची नोव्हेना सांगितली. डॉक्टरांचे नावही काढले नाही. पुढे त्याला औषध मिळाले, पण मधले वर्ष तो मागच्या खोलीत, बाहेरून लावलेल्या कडीआड राहिला. साखळीने बांधण्यास २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्याने मनाई आहे. त्या कडीचा शोध मात्र घरी गेल्यावाचून लागत नाही. मी गेलो नव्हतो.

ग्रंथाचे १९६५ चे इंग्रजी भाषांतर संक्षिप्त आहे. संपूर्ण भाषांतर २००६ साली निघाले. मिळाल्यास दुसरेच वाचावे.