शेजार आणि शेजारी

दिल्लीत राहणाऱ्या मराठी माणसाच्या कानावर एकाच नात्याचे तीन शब्द पडत असतात. घरात ‘शेजारी’, बाजारात ‘पडोसी’, आणि जुन्या शहराच्या उर्दूत ‘हमसाया’. ‘हमसाया’ म्हणजे एकाच सावलीत वावरणारा. फारसीने हे नाते उन्हातान्हाच्या अनुभवावरून घडविले. मराठी शब्दात ‘शेज’ ऐकू येते. व्युत्पत्तिकारांनी तिचे काय करावयाचे ते करावे, पण कानाला ती ऐकू येते एवढे खरे. शब्दापेक्षाही त्याच्या जोडीला येणारे क्रियापद अधिक बोलके आहे. मराठीत शेजार ‘लाभतो’. पाऊस लाभावा, आयुष्य लाभावे, तसा. मित्र जोडता येतो, सोयरीक जुळविता येते. शेजाराच्या बाबतीत माणसाच्या हाती फारसे काही नसते. भिंतीपलीकडे कोण आहे हे घरभाड्याने, नोकरीने किंवा इतिहासाने ठरविलेले असते. ‘शेजारधर्म’ ह्या शब्दाचा अर्थही तेथेच सुरू होतो. ज्याची निवड आपण केली नाही त्याच्याशीही निष्ठेने वागावयाचे, अशी ही अपेक्षा आहे.

ह्या अपेक्षेचे वाङ्मयात काय झाले हे पाहू लागल्यास मराठी वाचकाला प्रथम आठवते ती ‘बटाट्याची चाळ’. पु. ल. देशपांडे ह्यांचे हे पुस्तक १९५८ मध्ये प्रसिद्ध झाले आणि चाळ म्हणजे काय ह्याची मराठी मनातील प्रतिमा त्याने कायमची ठरवून टाकली. त्रिलोकेकर, अण्णा पावशे, बाबा बर्वे ही मंडळी परस्परांना ऐकू येतात, परस्परांच्या उपासाची आणि प्रवासाची टिंगल करतात, आणि अखेर एका चिंतनात त्या सगळ्या गजबजाटावर हुरहुरीची सावली पडते. पुस्तक वरवरचे आहे असा आक्षेप घेणे अन्यायाचे होईल; त्याची नजर बारीक आहे. तथापि एक गोष्ट मान्य करावयास हवी. त्या चाळीत सर्वांना सर्वांचे सर्व ठाऊक आहे, पण ह्या ठाऊक असण्यापासून कोणालाही धोका नाही. कोणाचे बिंग फुटले तर हशा होतो. शेजाऱ्याजवळचे ज्ञान हे हत्यार होऊ शकते, ही शंका तेथे शिरत नाही. मराठीने शेजार भरभरून रंगविला. शेजारी मात्र त्या गर्दीत हरवला, असे म्हणावेसे वाटते ते ह्यामुळे.

हिंदी लेखकांच्या ज्या पिढीने फाळणी पाहिली आणि पुढे दिल्लीत बसून लिहिले, तिला ही चैन परवडणारी नव्हती. त्या वर्षांत राजेंद्रनगर, पटेलनगर, लाजपतनगर ह्या वसाहती निर्वासितांसाठी उभ्या राहिल्या. तेथे प्रत्येकाला नवा शेजार लाभला होता आणि प्रत्येकाच्या मागे एक जुना शेजार जळाला होता. मोहन राकेश ह्यांच्या ‘अंधेरे बंद कमरे’ (१९६१) ह्या कादंबरीत दिल्लीची दोन रूपे दिसतात. मधुसूदन प्रथम राहतो तो कस्साबपुऱ्यात. तेथे ठकुराइन आहे, वृद्ध इबादत अली आणि त्याची सतार आहे, दुर्गंध आहे आणि माया आहे. पुढे कथानक हरबंस आणि नीलिमा ह्यांच्या नव्या दिल्लीकडे वळते. तेथे ओळखी पुष्कळ, मेजवान्या पुष्कळ. शेजारी मात्र जवळजवळ नाहीच. ह्या कादंबरीची चर्चा पतिपत्नींच्या दुराव्याभोवती फिरत आली आहे. परंतु शीर्षकातील बंद खोल्या नुसत्या दांपत्याच्या नाहीत. पलीकडच्या घरातला आवाज ज्यांत येत नाही अशा त्या खोल्या आहेत.

राकेशांची ह्या विषयावरील खरी मोठी कृती मात्र एक लहान कथा आहे: ‘मलबे का मालिक’. साडेसात वर्षांनी लाहोरहून काही लोक हॉकीचा सामना पाहण्याच्या निमित्ताने अमृतसरला येतात. त्यांत गनी हा म्हातारा आहे. त्याचा मुलगा चिरागदीन, सून आणि नाती मागे राहिल्या होत्या आणि मारल्या गेल्या, घर जळाले. मुलाला जेवणावरून खाली बोलावून मारणारा रक्खा पहिलवान त्याच गल्लीतला. गनीला हे ठाऊक नाही. तो रक्ख्याला जवळचा माणूस समजून त्याच्यापाशीच दुःख उगाळतो. चिरागला तुझा केवढा भरवसा होता, हे त्यालाच सांगतो. वर खिडक्या उघडलेल्या आहेत. त्या दिवशी ज्या खिडक्यांतून सर्व काही पाहिले गेले, त्याच ह्या. आता खरे बाहेर पडणार म्हणून गल्ली श्वास रोखून बसते, आणि कोणीही बोलत नाही. गनी आशीर्वाद देऊन निघून जातो.

ह्या कथेवर लिहिणारे बहुधा गनी आणि रक्खा ह्या दोघांत गुंततात. पण कथेचे मर्म खिडक्यांत आहे. मारेकरी एक आणि मेलेले घर एक. त्यांच्यामध्ये उरलेली सगळी गल्ली हा तिसरा पक्ष आहे. शेजारी म्हणजे न निवडलेला साक्षीदार, ही गोष्ट इतक्या थोडक्या जागेत क्वचितच कोणी सांगितली असेल. त्या मौनाला भीती म्हणावे, दया म्हणावे की नुसते कुतूहल, ह्याचा निकाल राकेश देत नाहीत, आणि तो न देण्यातच त्यांचे सामर्थ्य आहे.

अनुवादकाची येथे पंचाईत होते. ‘मलबा’साठी ‘ढिगारा’ चालेल; ‘मालिक’साठी ‘मालक’ चालेल की ‘धनी’, ह्यावर वाद घालता येईल. खरी अडचण ‘गली’ची आहे. ‘आळी’ म्हटले की जातीचा किंवा धंद्याचा वास येतो. ‘वाडा’ म्हटले की मालक डोळ्यांपुढे उभा राहतो. ‘चाळ’ म्हटले की वाचक हसण्याच्या तयारीला लागतो. समोरासमोरच्या खिडक्यांनी बांधलेल्या त्या वस्तीला मराठीत नेमके नाव नाही, आणि नाव नसल्यामुळे त्या खिडक्यांची जबाबदारीही मराठीत उतरताना थोडी निसटते.

भीष्म साहनी ह्यांच्या ‘तमस’मध्ये (१९७३) मित्र आणि शेजारी ह्यांतला फरक अधिक कठोरपणे मांडला आहे. शाहनवाज आपल्या हिंदू मित्राला, रघुनाथला, जिवापाड जपतो. त्याच्या बायकोचे दागिने आणण्यासाठी तो त्यांच्या सोडलेल्या घरी जातो आणि तेथे राखणीला असलेल्या मिलखी ह्या नोकराला जिन्यावरून लाथ घालतो. दागिने मित्राच्या घरी सुखरूप पोहोचतात. मैत्री अभंग राहिली; ती ज्याला लागू नव्हती तो माणूस मात्र संपला. उलट हरनामसिंग आणि बंतो ज्या घरी आसरा मागतात ते घर ना मित्राचे, ना सुरक्षित. त्याच घरात त्यांच्याच दुकानातून लुटलेली पेटी येऊन पडते. कुलूप तोडण्याची खटपट चालू असता हरनामसिंग स्वतःच किल्ली पुढे करतो. आणि घरची बाई राजो त्यांना रात्री गावाबाहेर पोहोचवून त्यांचे दागिने परत देते. राजो काही संत नाही. तिचे घर लुटीत सामील आहे. तरी शेजारधर्म ह्या शब्दाचा अर्थ त्या एका रात्री तिच्या हातून जेवढा स्पष्ट होतो तेवढा शाहनवाजच्या निष्ठेतून होत नाही.

दिल्लीला हा विषय १९४७ मध्येच सोडून द्यावा लागला असता तर बरे झाले असते. १९८४ च्या नोव्हेंबरमध्ये त्रिलोकपुरी आणि सुलतानपुरी येथे शिखांची घरे जळाली. वीणा दास ह्यांनी ‘लाइफ अँड वर्ड्स’ (२००७) ह्या ग्रंथात सुलतानपुरीच्या पीडितांसंबंधी लिहिले आहे. ग्रंथ समाजशास्त्राचा, पण ज्यांनी हात चालविले त्यांच्याच आसपास पुढे रोजचे आयुष्य जगावयाचे कसे, हा त्यातला प्रश्न राकेशांच्या गल्लीतलाच आहे.

मराठीला हे सर्व परके आहे असे मात्र नाही. महात्मा गांधींच्या हत्येनंतर १९४८ मध्ये दक्षिण महाराष्ट्रातील गावोगावी ब्राह्मणांची घरे जळाली. व्यंकटेश माडगूळकरांच्या ‘वावटळ’मध्ये (१९६४) पुण्याहून गावाकडे निघालेले तरुण ह्या जळितातून वाट काढतात. माडगूळकर आवाज चढवीत नाहीत, शाप देत नाहीत. जाळणारी माणसे ओळखीची आहेत, हे ते जवळजवळ जाताजाता सांगतात, आणि म्हणूनच ते जाळते. ‘बनगरवाडी’ची वाहवा करताना ह्या पुस्तकाकडे जेवढे लक्ष जावयास हवे होते तेवढे गेले नाही. त्याचे कारण कलेतच असेल असे वाटत नाही. उघड्या खिडकीची आठवण कोणालाच नको असते.

दुसरे पुस्तक हमीद दलवाईंचे ‘इंधन’ (१९६५). दिलीप चित्रे ह्यांनी त्याचा इंग्रजी अनुवाद केला. दीर्घकाळ मुंबईत राहिलेला मुसलमान निवेदक आजारी होऊन कोकणातल्या आपल्या गावी परततो. गनीप्रमाणे तोही परतलेलाच. पण गनीला काहीच ठाऊक नव्हते. ह्याला सर्व ठाऊक आहे. जमिनीचे जुने हिशेब, मानपान, कोणाचे पाऊल रात्री कोणाच्या अंगणात पडते, हे सारे त्याला कळते. आणि कळूनही तो खिडकीत बसून राहू शकत नाही. त्या आगीत त्याच्या स्वतःच्या वागण्याचाही वाटा आहे. साक्षीदारच सरपण होतो. राकेशांनी जी खिडकी गल्लीच्या वर ठेवली होती, ती दलवाईंनी निवेदकाच्या स्वतःच्या घराला बसविली.