दोन गच्च्या

नेपल्सचा निळा समुद्र, त्यातून वर येणारी एक लावण्यवती, आणि तिच्याभोवती जो तो सुभाषितांतच बोलणारा गोतावळा, एवढ्या भांडवलावर पाओलो सोर्रेंतिनो यांनी 'पार्तेनोपे' (२०२४) उभारला आहे. आणि इटालियन चित्रपटाचे मुखत्यारपत्र सांप्रत जगाने त्यांच्याच हाती दिलेले असल्यामुळे, लेखकाच्या टेबलावर वाढलेल्या या कलेत लेखक कितपत शिल्लक उरला आहे, याचा झाडा घेणे आता भाग आहे.

सोर्रेंतिनो यांच्या 'ला ग्रांदे बेलेत्सा'ला (२०१३) ऑस्कर मिळाले, आणि त्यातील गच्चीवरची मेजवानी सर्वतोमुखी झाली. परंतु रोमच्या बुद्धिजीवींना गच्चीवर जमवून त्यांची झडती घेण्याचे काम एत्तोरे स्कोला यांनी 'ला तेरात्सा'त १९८० सालीच केले होते. तेथे एकच संध्याकाळ पुनःपुन्हा सुरू होते आणि दर खेपेस एका निराळ्या हताश पुरुषामागे जाते. त्यांपैकी पटकथालेखक, निर्मात्याचा विनोदी चित्रपटासाठी तगादा चालू असता, पेन्सिलींना टोक करण्याच्या विजेच्या यंत्रात स्वतःचे बोटच घालतो. हसू ओठांवर असतानाच अंगावर शहारा आणणारी ही विद्या स्कोला यांनी 'मार्क ऑरेलिओ' या विनोदी नियतकालिकातील उमेदवारीत आणि दिनो रीझी यांच्या 'इल सोर्पासो'च्या (१९६२) लेखनात कमावली. दिग्दर्शनाकडे ते वळले १९६४ साली.

स्कोला यांच्याच 'उना जॉर्नाता पार्तिकोलारे'त (१९७७) हिटलरच्या स्वागतार्थ सारी इमारत ओस पडते, आणि राखणदारणीखेरीज मागे राहतात सहा मुलांची आई अंतोनिएत्ता व समलिंगी म्हणून नभोवाणीतून बडतर्फ झालेला निवेदक गाब्रिएले. तिची मैना उडून त्याच्या खिडकीपाशी जाते, म्हणून ती त्याचे दार ठोठावते; राखणदारणीच्या रेडिओवरील संचलनाचे वर्णन चौकात घुमत राहते, म्हणून फॅसिझमवर कुणाला व्याख्यान द्यावे लागत नाही. येथे पाखरालाही कामाला जुंपले आहे.

अशा लेखनाकडे पाठ फिरवून आंतोनिओनींच्या अनुयायांनी मौनाची उधळपट्टी केली. फेलिनींच्या नकलाकारांनी सर्कशीचा नुसता तंबू उचलला. त्यांच्याविषयी याहून अधिक शाई खर्चण्याचे कारण नाही.

"चित्रपट ही दृश्यकला आहे, स्कोला मूळचे पटकथाकारच," असा निवाडा देणाऱ्यांनी पटकथाकार झावात्तिनींना वगळून दिग्दर्शक दे सिकांचा हिशेब मांडून दाखवावा. प्रेक्षकांना लेखन नकोसे झाले आहे, ही सबबही खोटी आहे: २०२३ साली इटलीत सर्वाधिक गल्ला जमविणाऱ्या 'चे आंकोरा दोमानी'त पाओला कोर्तेल्लेसी यांनी एका पत्राचे रहस्य अखेरपर्यंत राखले, आणि ते मतदानपत्र निघाले तेव्हा मागचा प्रत्येक प्रवेश नव्याने अर्थपूर्ण झाला. याला रचना म्हणतात. सौंदर्य कॅमेऱ्यासमोर आयते उभे असते. त्याला परिणाम भोगायला लावणे, हे लेखकाचे काम. हे ज्यांना अमान्य असेल त्यांनी 'पार्तेनोपे'तील असा एक तरी प्रवेश दाखवावा की जो गाळल्यास पुढचा लंगडा पडेल. तोवर 'दृश्यकला' या शब्दाआड आळस लपविण्याचा परवाना त्यांना मिळणार नाही.