खिदिरपूरची गोदी आणि मेदिनीपूरची वाट : चित्तप्रसाद यांची रेषा

५ डिसेंबर १९४३ रोजी भर दिवसा जपानी विमानांनी कलकत्त्याच्या खिदिरपूर गोदीवर बॉम्ब टाकले. त्या हल्ल्यात शेकडो माणसे मेली. त्यांत गोदीत राबणाऱ्या मजुरांचा भरणा मोठा होता. त्याच्या थोडेच दिवस आधी, नोव्हेंबरात, अठ्ठावीस वर्षांचा एक चित्रकार हुगळीच्या पश्चिमेकडील मेदिनीपूर जिल्ह्यात कागद आणि शाई घेऊन गावोगाव हिंडत होता. खिदिरपूरचे मरण आकाशातून आले होते आणि त्याचा कर्ता उघड दिसत होता. मेदिनीपूरचे मरण मात्र शेतातून, बाजारातून आणि सरकारी फर्मानांतून आले होते. त्याला चेहरा नव्हता. चित्तप्रसाद यांच्या कलाजीवनाचा उलगडा करावयाचा तर या दोन मरणांतील अंतर प्रथम ध्यानी घ्यावे लागते.

चित्तप्रसाद यांचा जन्म १९१५ साली नैहाटी येथे झाला आणि त्यांची जडणघडण चितगावात झाली. रीतसर कलाशिक्षण त्यांच्या वाट्यास आले नाही. जातिनिदर्शक म्हणून ‘भट्टाचार्य’ हे आडनावही त्यांनी टाकून दिले. कम्युनिस्ट पक्षावर बंदी असतानाच्या काळात त्यांचा हात भित्तिपत्रकांवर आणि व्यंगचित्रांवर तयार झाला. भूमिगत चळवळीच्या चित्रकाराला निवांतपणा नसतो, रंगांची चैन परवडत नाही आणि आपले चित्र किती क्षण भिंतीवर राहील याची शाश्वती नसते. वाटसरूने जाता जाता पाहिले तरी त्याला अर्थ कळला पाहिजे, ही त्या कलेची पहिली अट होय. जाड काळी रेषा, मोकळा पांढरा अवकाश, एकाच मुद्रेत सामावलेला आशय हे त्यांचे विशेष या अटीतून आले आहेत. पुढे १९४२ मध्ये पक्षावरील बंदी उठली आणि ही रेषा पक्षाच्या नियतकालिकांतून उघडपणे वावरू लागली; परंतु तिचे वळण आधीच ठरून गेले होते.

व्यंगचित्राला शत्रू लागतो आणि तो आधीच ओळखलेला असावा लागतो. युद्धकाळातील पक्षाच्या भूमिकेने जपानी फॅसिझम आणि साठेबाज हे शत्रू चित्रकाराच्या हाती आयतेच दिले होते. खिदिरपूरवर बॉम्ब पडले तेव्हा ती भूमिका खरी ठरल्यासारखेच वाटले असेल. तथापि मेदिनीपुरात या उत्तराची अपूर्णता उघडी पडत होती. जपानी आक्रमणाच्या धास्तीने सरकारने १९४२ मध्ये किनारपट्टीच्या जिल्ह्यांतून नावा जप्त केल्या आणि तांदूळ हलवला. त्याच वर्षी १६ ऑक्टोबरला प्रचंड वादळाने मेदिनीपूर झोडपून काढले. कलकत्त्यातील युद्धोपयोगी उद्योगांच्या कामगारांसाठी धान्याची तरतूद अग्रक्रमाने झाली, तीत बंदरातील मजूरही होते. ज्याच्या शेतात भात पिके, त्या कुळाला मात्र कोणताच अग्रक्रम नव्हता. म्हणजे खिदिरपूरचा मजूर जगवला जात होता तो गोदी चालावी म्हणून, आणि बॉम्ब पडले तेही ती गोदी चालत होती म्हणूनच. सुमारे तीस लक्ष माणसांचा बळी घेणाऱ्या या दुष्काळाचा खलनायक एका व्यंगचित्रात मावणारा नव्हता.

येथे चित्तप्रसाद यांनी जे केले त्यातच त्यांचे मोठेपण आहे. त्यांनी खलनायक रेखाटण्याचे थांबवले आणि माणसे रेखाटली. ‘हंग्री बेंगाल’ या १९४३ च्या पुस्तिकेत रेखाचित्रांच्या जोडीला त्यांचा लेखी वृत्तान्त आहे. चित्रांतील माणसांना नावे आहेत, गावे आहेत. याच सुमारास झैनुल आबेदिन कलकत्त्याच्या पदपथांवरील भुकेलेल्यांची चित्रे काढीत होते. त्यांच्या कुंचल्यातील माणसे अनामिक आहेत आणि त्या अनामिकतेतच त्यांची भीषणता आहे. शहरात पोहोचलेल्या भुकेल्याचे नाव वाटेतच गळून पडलेले असते. चित्तप्रसाद त्या वाटेने उलट गेले आणि नाव जिथे अजून शाबूत होते तिथे पोहोचले. नाव लिहिताच करुणेचे रूप बदलते. प्रेक्षकाला केवळ हळहळून सुटता येत नाही. हा माणूस कोणाच्या हिशेबातून वगळला गेला, हा प्रश्न त्याच्यापुढे उभा राहतो. सरकारला हे नेमके कळले असावे. पुस्तिकेच्या पाच हजार प्रती जप्त करून जाळण्यात आल्या.

मराठी रसिकाला येथे अण्णाभाऊ साठे यांचा ‘बंगालची हाक’ हा पोवाडा आठवल्यावाचून राहणार नाही. तोच दुष्काळ, तीच चळवळ. परंतु पोवाडा समूहाला हाक घालतो, तर रेखाचित्र एकेका माणसापाशी थांबते. ‘कलेसाठी कला की जीवनासाठी कला’ या आपल्याकडील जुन्या वादाची चौकट दोहोंनाही अपुरी पडते. प्रचार म्हणजे उत्तर आधी आणि चित्र मागाहून, अशी व्याख्या केली तर चित्तप्रसाद यांची बरीचशी व्यंगचित्रे प्रचार ठरतील, मेदिनीपूरची चित्रे ठरणार नाहीत. पण प्रचाराने शिकवलेली काटकसर अंगी नसती तर त्या चित्रांत अश्रूंचा पूर आला असता, हेही तितकेच खरे. बरगडीची एक रेघ, रिकाम्या भांड्याची एक कड, एवढ्यावर ती थांबतात.

१९४६ पासून चित्तप्रसाद मुंबईकर झाले. भारतीय जननाट्य संघाचे नगारा वाजवणारे बोधचिन्ह त्यांचेच. १९४८ नंतर पक्षाशी असलेले त्यांचे नाते सुटले आणि अंधेरीच्या घरात ते लिनोच्या ठशांकडे, बालकथांच्या चित्रांकडे आणि कळसूत्री बाहुल्यांकडे वळले. राबणाऱ्या मुलांवरील त्यांची ठसाचित्रे ही या काळातील सर्वांत सबळ निर्मिती होय. मात्र याच काळात एक उणीवही शिरली. शेतकरी, माता, प्रेमी युगुल यांच्या अनेक ठशांत माणसाचे नाव पुन्हा हरपते आणि त्याच्या जागी प्रतीक येते. नक्षी डौलदार होते. गाव दिसेनासे होते. पक्षाने दिलेला शत्रू गेला, पण मेदिनीपुरात स्वतः शोधलेला माणूसही काही प्रमाणात मागे राहिला. आपल्या चित्रकाराचा गौरव करताना मराठी व बंगाली लेखक ही गोष्ट बहुधा टाळतात; ती टाळल्याने १९४३ च्या चित्रांचे वेगळेपणच पुसले जाते.

१९७८ मध्ये कलकत्त्यात त्यांचे निधन झाले. जाळपोळीतून वाचलेल्या प्रतीवरून २०११ मध्ये दिल्लीच्या एका कलादालनाने ‘हंग्री बेंगाल’ची प्रतिकृती काढली. हातोहाती फिरावी म्हणून छापलेली पुस्तिका आता संग्राहकांच्या कपाटात विराजमान झाली आहे. तिच्यातील रेषेचे कौतुक पुष्कळ झाले. त्या रेषेखाली लिहिलेली नावे वाचणे अद्याप बाकी आहे. समीक्षेने प्रथम तेच केले पाहिजे.