अंगठी कुणाच्या बोटात?

जादूच्या अंगठीची गोष्ट निघाली की आपली समीक्षा एकच निष्कर्ष हातावर ठेवते : सत्ता माणसाला भ्रष्ट करते. हे विधान खोटे नाही, पण ते अर्धे आहे. आणि अर्धी विधाने नेहमीच कुणाच्या तरी सोयीची असतात. सत्तेने अमुक एकाला भ्रष्ट केले तेव्हाच गोष्ट सांगावीशी का वाटली? आणि अंगठी नसताना जे भ्रष्ट होते, त्यांची गोष्ट कुठे गेली? हे प्रश्न विचारल्याशिवाय या कथा वाचणे म्हणजे कथेने दाखवले तेवढेच पाहणे.

प्लेटोच्या ‘रिपब्लिक’च्या दुसऱ्या प्रकरणात ग्लॉकॉन ही गोष्ट सांगतो. लिडियाच्या राजाच्या चाकरीत एक मेंढपाळ असतो. गायजेसचा तो पूर्वज. म्हणून ही ‘गायजेसची अंगठी’ म्हणून ओळखली जाते. भूकंपाने जमीन दुभंगते. तो आत उतरतो, तिथल्या एका प्रेताच्या बोटातली सोन्याची अंगठी घेतो. अंगठीचा खडा तळहाताकडे फिरवला की तो दिसेनासा होतो. मग तो राजवाड्यात शिरतो, राणीला वश करतो, राजाला मारतो आणि राज्य बळकावतो. ग्लॉकॉनचे म्हणणे असे की अशी अंगठी सज्जनाला दिली काय आणि दुर्जनाला दिली काय, दोघे एकाच वाटेने जातील. माणूस न्यायाने वागतो तो पकडले जाण्याच्या भीतीने.

आता या कथेतला एक तपशील पाहा. दर महिन्याला मेंढपाळांनी एकत्र जमायचे आणि कळपांचा हिशेब राजाला कळवायचा, अशी तिथली रीत होती. मेंढपाळ राजाला हिशेब देत होते. राजा कुणाला हिशेब देत होता? ज्याला कुणी जाब विचारू शकत नाही त्याला अदृश्य होण्यासाठी अंगठी लागत नाही. तत्त्वज्ञाला चिंता पडली ती मेंढपाळाच्या हाती अंगठी आल्यावर. सिंहासन हीदेखील एक अंगठीच आहे, हे त्या संवादात ग्लॉकॉनला सुचत नाही.

गायजेसचीच कथा हिरोडोटसने प्लेटोच्या आधी, इसवी सनापूर्वी पाचव्या शतकात सांगितली होती. तिच्यात अंगठी नाही. तिथे गायजेस राजाचा अंगरक्षक आहे. आपल्या राणीच्या रूपाचा गर्व असलेला राजा कँडॉलीस तिला विवस्त्र पाहण्याची त्याच्यावर सक्ती करतो. राणीला ते कळते आणि ती गायजेसपुढे दोनच पर्याय ठेवते : राजाला मार, नाहीतर तू मर. गुन्ह्याची सुरुवात राजाने केली आहे. प्लेटोकडे कथेत अंगठी आली, आणि राजाचा गुन्हा नाहीसा झाला.

हा योगायोग म्हणून सोडून द्यावा, तर आपल्याकडेही तेच घडलेले दिसते. महाभारतातल्या शकुंतलेच्या कथेत अंगठी नाही. दुष्यंताला सारे आठवत असते. तरी भर सभेत तो तिला नाकारतो. शकुंतला त्याला तिथल्या तिथे खडसावते. आकाशवाणी झाल्यावर राजा कबूल करतो, की मला ठाऊक होते, पण लोक काय म्हणतील याची भीती होती. कालिदासाने यात दुर्वासाचा शाप आणला, अंगठी आणली, आणि राजाचे खोटे बोलणे राजाचे विसरणे झाले. दोष शापाचा, दोष हरवलेल्या अंगठीचा. शाप ओढवला तोही शकुंतलेच्या बेसावधपणामुळे. राजा निर्दोष, वर विरही. १८८० साली अण्णासाहेब किर्लोस्करांनी पुण्यात ‘संगीत शाकुंतल’ रंगभूमीवर आणले तेव्हा मराठी प्रेक्षकांनी डोक्यावर घेतली ती हीच अंगठीची शकुंतला. सभेत भांडणारी शकुंतला मागेच राहिली.

म्हणजे अंगठी सर्वांत आधी काय अदृश्य करते? राजाचा गुन्हा.

तरीही कालिदासाच्या नाटकात सहाव्या अंकाच्या आरंभी एक प्रवेश आहे. ती अंगठी एका कोळ्याला माशाच्या पोटात सापडते. ती विकायला काढताच राजाचे शिपाई त्याला हात मागे बांधून आणतात, मारतात, त्याच्या धंद्याची टिंगल करतात. तो उत्तर देतो, की जन्माने आलेले काम निंद्य ठरवले तरी ते टाकायचे नसते. यज्ञात पशू मारणारा श्रोत्रियही दयाळूच म्हणवतो. राजाकडून अंगठीच्या किमतीएवढे बक्षीस येते तेव्हा त्यातले अर्धे शिपायांना द्यावे लागते. अंगठी एकच. ती पाहून राजाला स्मृती येते. ती बाळगल्याबद्दल कोळ्याचे हात बांधले जातात. आमच्या रसिकांनी हा प्रवेश विनोदी म्हणून वाचला. मार खाणाऱ्याच्या बाजूने वाचला तर तो विनोदी राहत नाही.

जर्मन संगीतकार वॅग्नरच्या चार भागांच्या ‘रिंग’ संगीतनाट्याचा संपूर्ण प्रयोग १८७६ साली बायरॉइटला झाला. त्यात ऱ्हाइन नदीतले सोने चोरून अंगठी घडवतो तो आल्बेरिख नावाचा बुटका. नदीतल्या सुंदरी त्याच्या कुरूपतेची थट्टा करतात. तो प्रेमाला शाप देतो आणि अंगठीच्या बळावर आपल्याच बुटक्या भावंडांना खाणीत राबवतो. पण ती अंगठी कपटाने हिसकावून घेणारा वोटान हा देवांचा राजा आहे. राक्षसांकडून त्याने महाल बांधून घेतला आहे आणि ठरलेली मजुरी त्याला द्यायची नाही! बर्नार्ड शॉने १८९८ साली या नाटकात भांडवलशाहीचे चित्र पाहिले, ते उगाच नव्हे. मात्र ज्या वॅग्नरने १८५० मध्ये ज्यूंविरुद्ध विषारी निबंध लिहिला, त्याच्या बुटक्यांमध्ये अ‍ॅडॉर्नोला ज्यूंचे विडंबन दिसले, हेही विसरता येत नाही. लोभाला चेहरा द्यायची वेळ आली, की प्रस्थापित कलावंताला तिरस्कृतांचाच चेहरा हाताशी सापडतो.

टॉल्किनच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’मध्ये (१९५४-५५) हाच दोष आहे. पूर्वेकडची आणि दक्षिणेकडची सावळी माणसे तिथे शत्रूच्या सैन्यात आहेत. अंगठी नष्ट झाल्यावरही राजा गादीवर परत येतोच. तरीही त्याने एक पाऊल पुढे टाकले हे मान्य केले पाहिजे. त्याच्याकडे अंगठी चांगल्या हेतूने वापरता येत नाही. गॅन्डाल्फसारखा शहाणाही ती घ्यायला नकार देतो, आणि ती वाहून नेणारा फ्रोडो शेवटच्या क्षणी हरतो. म्हणजे एका माणसाचा सद्गुण पुरत नाही. यातला माळी सॅम मला महत्त्वाचा वाटतो. तो नोकर आहे, आणि त्याची स्वामिनिष्ठा मला खटकते. पण मेलेल्या परक्या सैनिकाकडे पाहून, हा खरेच दुष्ट होता की कुणी फसवून, धमकावून इतक्या दूर आणला, असा प्रश्न पडतो तो त्यालाच. अंगठी त्याला साम्राज्याचे स्वप्न दाखवते तेव्हा, स्वतःच्या हातांनी कसता येईल एवढी बाग पुरे, असे तो ठरवतो. श्रमाची ओळख असलेला माणूसच असे म्हणू शकतो.

पण म्हणून आपण ग्लॉकॉनच्या प्रश्नातून सुटत नाही. त्या मेंढपाळाला अंगठीचा गुण कुठे कळला? मेंढपाळांच्या बैठकीत. तो अदृश्य झाला तो प्रथम आपल्याच माणसांना. तो उठून गेल्यासारखे ते त्याच्याविषयी बोलू लागले. त्यानंतर राजाकडे जाणाऱ्या प्रतिनिधींत त्याने आपली वर्णी लावून घेतली. प्रतिनिधी राजा झाला. मेंढपाळांचे पुढे काय झाले, याबद्दल कथा एक शब्दही बोलत नाही. ही गोष्ट आपल्याला अनोळखी आहे काय?

कितीही थोर माणसाच्या पायाशी आपले स्वातंत्र्य वाहू नका, असा इशारा बाबासाहेबांनी २५ नोव्हेंबर १९४९ रोजी घटना समितीत दिला होता. निर्मळ बोट शोधत बसणे हा अंगठीवरचा उपाय नव्हे. मेंढपाळांची ती महिन्याची बैठक मोडू नये. फक्त हिशेब देणाऱ्यांच्या रांगेत राजाला उभे करावे. आणि आपण पाठवलेल्या प्रतिनिधीलाही.