ऑक्सिजनचे दोन सुटे बाण

अकरावीच्या रसायनशास्त्रात रेणूंच्या ऑर्बिटलच्या आकृत्या येतात. त्यांतली ऑक्सिजनची आकृती मला सगळ्यांत देखणी वाटते. डावीकडे एका अणूची ऑर्बिटल, उजवीकडे दुसऱ्याची, मधोमध रेणूची. आडव्या रेघा म्हणजे ऑर्बिटल, रेघेची उंची म्हणजे ऊर्जा आणि रेघांवरचे उभे बाण म्हणजे इलेक्ट्रॉन. ही आकृती खालून वर वाचायची.

तळाशी फारसे काही घडत नाही. २एस ऑर्बिटलमधून एक बाँडिंग (बंध घट्ट करणारे) आणि एक अँटिबाँडिंग (तो सैल करणारे) तयार होते, दोन्ही भरतात आणि परस्परांचा हिशेब चुकता करतात. रंगत येते ती २पी पाशी. अणूंना जोडणाऱ्या रेषेवरची पी ऑर्बिटल समोरासमोर भिडतात, त्यांचे सिग्मा होते. उरलेली त्या रेषेला काटकोनात असतात. ती कडेकडेने जुळतात आणि त्यांची दोन पाय ऑर्बिटल होतात. रेणू स्वतःच्या अक्षाभोवती ९० अंशांनी फिरवा, एक पाय दुसऱ्याच्या जागी जाऊन बसते. म्हणून दोघांची ऊर्जा तंतोतंत सारखी, आणि त्यांच्या वर असलेल्या दोन अँटिबाँडिंग पाय ऑर्बिटलचीही. या सारख्या उंचीकडे घाईत दुर्लक्ष होते, पण आकृतीचा सगळा जीव तिथेच आहे.

आता बाण भरू. बाहेरच्या कक्षेतल्या बारांपैकी चार २एसमध्ये गेले, सहा २पीच्या बाँडिंग ऑर्बिटलमध्ये. उरले दोन, आणि समोर एकाच उंचीवरच्या दोन रिकाम्या रेघा. हुंडच्या नियमाप्रमाणे ते एकेका रेघेवर एकेकटे बसतात, तोंडे एकाच दिशेला. बाँडिंगमधल्या आठांतून अँटिबाँडिंगमधले चार वजा करून बंधांची संख्या मोजली तर (८−४)÷२, म्हणजे दोन. दुहेरी बंध शाबूत, आणि तरीही दोन इलेक्ट्रॉन सुटे!

लुईसच्या चित्रात हे कुठेच दिसत नाही. तिथे दोन ‘ओ’, मध्ये दोन रेघा आणि सगळे इलेक्ट्रॉन जोडीजोडीने. पण उणे १८३ अंश सेल्सिअसला द्रवरूप होणारा फिकट निळा ऑक्सिजन जोरदार चुंबकाच्या दोन ध्रुवांमध्ये ओतला, तर तो तिथेच धरून राहतो. ऑक्सिजन चुंबकाकडे ओढला जातो, हे फॅरडेने एकोणिसाव्या शतकातच पाहिले होते. सुट्या इलेक्ट्रॉनांचा हा गुण लेनर्ड-जोन्स यांनी १९२९ साली रेणूंच्या ऑर्बिटलवरून उलगडून दाखवला. त्यासाठी वेगळे गृहीतक जोडावे लागले नाही. बाण क्रमाने भरत गेले की उत्तर आपोआप पुढ्यात येते. एखाद्या सिद्धान्ताकडून याहून अधिक काय मागायचे?

ते दोन बाण अँटिबाँडिंगमध्ये आहेत, याचे पडसाद पुढेही उमटतात. त्यांतला एक काढून घेतला तर बंध सैल व्हायला हवा असे वाटते. होतो घट्टच: लांबी १२१ पिकोमीटरवरून ११२ वर येते. नायट्रोजनमध्ये बाँडिंगमधला इलेक्ट्रॉन जातो, म्हणून तिथे लांबी थोडी वाढते. शिवाय त्या उंच रेघेवरचा इलेक्ट्रॉन काढणे सोपे. सुट्या ऑक्सिजन अणूतून इलेक्ट्रॉन काढायला मोलमागे सुमारे १३१४ किलोज्यूल लागतात, रेणूतून ११६५.

या ११६५ च्या आकड्यानेच नील बार्टलेट यांना वाट दाखवली. कॅनडात, ब्रिटिश कोलंबिया विद्यापीठात काम करताना त्यांना प्लॅटिनम हेक्झाफ्लोराइड ऑक्सिजनच्या रेणूतून इलेक्ट्रॉन ओढून घेते असे आढळले. झेनॉनचा आकडा ११७०, म्हणजे जवळपास तेवढाच. मग झेनॉन तरी का सुटावा? १९६२ साली त्यांनी झेनॉन आणि प्लॅटिनम हेक्झाफ्लोराइडची वाफ एकत्र आणली आणि पिवळसर घन पदार्थ तयार झाला. तोवर ‘निष्क्रिय’ म्हणून शिकवल्या जाणाऱ्या वायूंपैकी एकाचे ते पहिले खरे संयुग होते.